अपघाताच्या दाव्यात भरपाई कमी धरली, हायकोर्टात अपील करावं का?

सीनाकाठ
मंडळी, सल्ला हवाय. कायद्यातलं मला ओ की ठो कळत नाही, त्यामुळे सगळं सविस्तर लिहितो.

धाकटा भाऊ गवंडीकाम करतो. अपघाताच्या वेळी वय ३६. काम सुटल्यावर तिघं एका मोटारसायकलवर गावाकडे येत होते, मागून ट्रकने ठोकरलं. बाकीचे दोघं खरचटण्यावर निभावले. याच्या उजव्या मांडीचं हाड दोन जागी मोडलं, गुडघाही गेला. आत रॉड आहे, पाय आखूड झालाय. उकिडवं बसता येत नाही, परांचीवर चढणं तर विसराच. मेडिकल बोर्डाचं अपंगत्वाचं सर्टिफिकेट ४२ टक्के.

निकाल गेल्या महिन्यात लागला. त्यातला हिशेब असा: उत्पन्न महिना ८,००० धरलं. आम्ही १५,००० सांगितलं होतं, ठेकेदाराची साक्षही झाली, पण गवंड्याचं पगारपत्रक कुठून आणायचं? अपंगत्व ४२ ऐवजी १५ टक्के धरून पुढच्या उत्पन्नापोटी २,१६,०००. दवाखान्याची बिलं ३,१०,०००. वेदना व त्रास २५,०००. तीन महिन्यांचा बुडालेला रोजगार २४,०००. खुराक, गाडीभाडं मिळून १०,०००. एकूण ५,८५,०००. त्यातून 'ट्रिपल सीट होते' म्हणून २० टक्के कापले. राहिले ४,६८,००० आणि दावा लावल्यापासून ७ टक्के व्याज.

आमचे वकील म्हणतात, मिळतंय ते घ्या, हायकोर्टात वर्षं जातील. भाऊ काहीच बोलत नाही. रॉड काढायचं ऑपरेशन अजून बाकी आहे. काय करावं?

कागदीघोडा
वाचून वाईट वाटलं. इथे एक-दोन वकील आहेत, ते येतीलच. तोवर एक करा. निकालाची प्रमाणित नक्कल मागितली नसेल तर उद्याच अर्ज टाका.

साठीचा पाहुणा
कटू लिहितो, राग मानू नका. तुमच्या वकिलांचं बरोबर आहे. माझ्या मेहुण्याने अपील केलं, ते सुनावणीला यायलाच इतकी वर्षं गेली की तोवर त्याची पोरं कमावती झाली. शेवटी वाढ मिळाली, नाही असं नाही. पण त्या काळात घरात दुसरा विषय नव्हता. पैसे उचला, ऑपरेशन करा, भावाला एखादं किराणा दुकान टाकून द्या.

ओसरी
मी दावेदारांच्या बाजूने हीच कामं करते, तेव्हा माझं मत एकतर्फी आहे असं समजूनच वाचा.

आधी मुदत. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ खाली निवाड्याच्या तारखेपासून ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येतं. नकलेचा अर्ज दिल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचे दिवस त्यातून वगळले जातात, म्हणून वर कागदीघोडा म्हणाले ते आधी करा. उशीर झाला तर सबळ कारण दाखवून माफ होतो, पण बरेचदा उशिराच्या काळाचं व्याज कोर्ट देत नाही. वादातली रक्कम १ लाखाच्या आत असेल तर अपीलच चालत नाही. ही मर्यादा आधी १०,००० होती, २०१९ च्या दुरुस्तीने वाढवली. तुमचा फरक त्याच्या खूप वर आहे.

आणि 'अपिलासाठी २५,००० भरावे लागतात' असं कोणी सांगितलं तर घाबरू नका. ते ज्याला भरपाई द्यायची आहे त्याच्यासाठी आहे, म्हणजे विमा कंपनी किंवा गाडीमालक. २५,००० किंवा निवाड्याची निम्मी रक्कम, यात जी कमी असेल ती भरल्याशिवाय त्यांचं अपील दाखल होत नाही. दावेदाराला ही अट नाही.

आता तुमचा हिशेब. 'रक्कम कमी वाटते' यावर अपील उभं राहत नाही. कुठला आकडा चुकला ते दाखवावं लागतं. तुमच्या निकालात मला चार जागा दिसतात, पैकी एक फार मोठी आहे. ती लिहिण्याआधी दोन गोष्टी सांगा. डॉक्टरांची साक्ष झाली का? आणि दोषारोपपत्र कोणावर आहे?

सीनाकाठ
दोषारोपपत्र ट्रक ड्रायव्हरवर. ज्यांनी ऑपरेशन केलं ते डॉक्टर तारखांना आलेच नाहीत. बोर्डातल्या डॉक्टरांची साक्ष झाली. कंपनीच्या वकिलांनी विचारलं, "हा माणूस हलकं काम करू शकेल का?" ते म्हणाले, "हो, करू शकेल."

ओसरी
तुमचे १५ टक्के त्या एका 'हो'मधून आले आहेत.

सर्वोच्च न्यायालयाचा २०१० चा राजकुमार विरुद्ध अजयकुमार हा निकाल या विषयाचा पाया समजला जातो. त्यात सांगितलंय की सर्टिफिकेटावरचा टक्का आणि कमाईवर झालेला परिणाम या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. न्यायाधिकरणाने (अपघाताचे दावे चालवणाऱ्या कोर्टाने) आधी बघायचं की हा माणूस आता काय करू शकतो आणि काय नाही. मग अपघाताआधी तो काय काम करायचा. आणि मग ते काम किंवा दुसरं एखादं काम करून तो किती कमवू शकेल. निकालातलंच उदाहरण आहे: डावा हात गेला तर ड्रायव्हर किंवा सुताराची कमाई जवळपास पूर्ण जाते, पण कारकुनाची नोकरी टिकू शकते. सर्टिफिकेट तेच असलं तरी नुकसान वेगळं.

हा निकाल दुधारी आहे. कंपन्या त्याच्याच जोरावर ४२ चे १५ करून घेतात, कारण ४२ टक्के बहुधा पायाचे असतात, अख्ख्या शरीराचे नव्हे. सर्टिफिकेट नीट वाचा, त्यावर लिहिलेलं असतं. पण गवंड्याच्या बाबतीत तोच निकाल तुमच्या बाजूने चालायला हवा. 'हलकं काम' म्हणजे कुठलं? ३६ वर्षं वय, शिक्षण बेताचं, हाताला एकच हुन्नर, आणि त्या हुन्नराला बसणं-उठणं-चढणं सगळं लागतं. न्यायाधिकरणाने हे तपासलं का, की नुसता १५ आकडा लिहून पुढे गेलं? निकालपत्रात त्याची कारणं नसतील तर तुमचं अपील तिथेच उभं राहतं.

दुसरी जागा भावी वाढीची. सर्वोच्च न्यायालयाच्या प्रणय सेठी (२०१७) निकालानंतर स्वतःचं काम करणाऱ्याच्या उत्पन्नात, वय ४० च्या आत असेल तर, ४० टक्के भर घालतात. तो निकाल मृत्यूच्या दाव्यातला आहे, म्हणून जखमींना ही भर लागू नाही असं कंपन्या बरीच वर्षं म्हणत आल्या. २०२० मध्ये पप्पू देव यादव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्टपणे नाकारलं. हात गमावलेला डेटा एंट्री करणारा तरुण होता. उच्च न्यायालयाने ८९ टक्क्यांचं अपंगत्व ४५ वर आणलं होतं, सर्वोच्च न्यायालयाने ६५ धरलं आणि वर ४० टक्के भावी वाढही दिली. तुमच्या निकालात ही भर दिसतच नाही.

तिसरी, ट्रिपल सीट. यावर २०२० चाच सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आहे. तिघं बसले हा वाहतुकीचा गुन्हा झाला, पण तेवढ्यावरून अपघाताला हातभार लागला असं धरता येत नाही. तिघं बसल्यामुळे अपघात झाला किंवा इजा वाढली हे सिद्ध व्हायला हवं. मागून आलेल्या ट्रकपुढे ते कसं सिद्ध करणार?

चौथी जागा उत्पन्नाची. ती सर्वात कच्ची, ते नंतर लिहिते. अशील आलेत.

विदर्भी बोर
वाखुसा (वाचनखूण साठवली).

पेटीवाला
मी विमा कंपनीच्या क्लेम विभागातून निवृत्त झालोय, त्यामुळे पलीकडची बाजू सांगतो. ओसरीताईंचं कायद्याचं म्हणणं बरोबर आहे. पण कंपनी फाइल कशी बघते तेही कळू द्या.

निकाल आला की आमचे पॅनेलचे वकील मत देतात, अपील करावं की नाही. आम्ही बघायचो ते असं: फिर्याद किती दिवसांनी झाली, लायसन्स-परमिट ठीक होतं का, उत्पन्नाला कागद आहे का, डॉक्टर उपचार करणारा आहे की नुसता सर्टिफिकेट देणारा. रक्कम माफक असेल तर कंपनी मुकाट्याने भरते. पण दावेदाराच्या अपिलाची नोटीस आली की फाइल पुन्हा उघडते, आणि मग आमच्याकडूनही क्रॉस-ऑब्जेक्शन (त्याच अपिलात उलट हरकत) जातं. म्हणजे तुमच्या अपिलाने झोपलेली कंपनी जागी होते, हे लक्षात ठेवून उतरा.

दुसरं. आता घरी कोणीतरी येईल, ओळखीतला असेल, म्हणेल कंपनीशी बोलून थोडे वाढवून देतो, इथे सही करा. तो कागद 'संपूर्ण व अंतिम समाधान' असा असतो. वकिलाला दाखवल्याशिवाय सही नको.

सीनाकाठ
पेटीवाले काका, माणूस येऊन गेला. काल. सही केलेली नाही.

म्हणजे आम्ही अपील केलं तर आहे तेही कमी होऊ शकतं?

ओसरी
कंपनीने स्वतःचं अपील किंवा क्रॉस-ऑब्जेक्शन टाकलं तरच. नोटीस मिळाल्यापासून त्यांना एक महिना असतो. त्यांनी काहीच टाकलं नाही तर तुमच्या अपिलात तुमचीच रक्कम घटवली जात नाही. टाकलं तर मात्र सगळं खुलं होतं. तुमच्या निकालात त्यांना खेचायला फारसं काही दिसत नाही: उत्पन्न किमान वेतनाच्या आसपास धरलंय, अपंगत्व खाली आणलंय, वर २० टक्के कापलेत. याहून कमी काय करतील? वेदनेचे २५,००० काढून घेतील?

उलट बाजूचंही सांगते. अपील फक्त कंपनीने केलं असेल आणि दावेदाराने काहीच टाकलं नसेल तर वाढ मिळत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये म्हटलं होतं. पुढे २०२० मध्ये आपल्याच औरंगाबाद खंडपीठाच्या एका प्रकरणात त्याच न्यायालयाने सांगितलं की अपघाताच्या दाव्यात इतकं तांत्रिक होऊ नये, न्याय्य भरपाई द्यावी. तरी या आशेवर बसू नका, आपलं अपील आपण टाकावं.

नीलपरी
धाग्याच्या विषयातच एक प्रश्न. माझ्या वडिलांच्या दाव्यात हॉस्पिटलचं बिल मेडिक्लेमने भरलं होतं, म्हणून ती सगळी रक्कम भरपाईतून वजा केली. हे बरोबर आहे का?

ओसरी
नाही. मार्च २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने हा वाद मिटवलाय. मेडिक्लेम हा तुम्ही हप्ते भरून केलेला स्वतंत्र करार, त्याचा फायदा अपघात करणाऱ्याच्या विमा कंपनीला देता येत नाही. ९० दिवसांत असाल तर लगेच हला.

साठीचा पाहुणा
सगळं मान्य. पण ताई, तुम्ही किती मिळेल ते सांगितलंच नाही. सात-आठ वर्षांनी लाखभर मिळणार असतील तर त्या लाखाची किंमत काय राहणार?

ओसरी
प्रश्न रास्त आहे. आकडेमोड करते, पण हे भाकीत नव्हे. फक्त कुठल्या आकड्याने किती फरक पडतो ते बघा.

न्यायाधिकरणाचा हिशेब: ८,००० गुणिले १२, गुणिले १५ (सरला वर्मा निकालाच्या तक्त्यात ३६ ते ४० वयाला १५ चा गुणक, म्हणजे वर्षाच्या उत्पन्नाला ज्याने गुणायचं तो आकडा, आहे, तो त्यांनी बरोबर लावलाय), त्याचे १५ टक्के. झाले २,१६,०००.

बाकी सगळं तसंच ठेवून नुसती ४० टक्के भावी वाढ घाला: ३,०२,४००. ही वाढ सर्वात खात्रीची, कारण यात पुराव्याचा प्रश्नच येत नाही, आणि तरी तिने फरक पडतो ८६,४०० चा. आता कमाईवरचा परिणाम १५ ऐवजी ३० टक्के धरा: ६,०४,८००. उत्पन्नही १२,००० मान्य झालं तर ९,०७,२००. शिवाय २० टक्क्यांची कपात गेली की मूळ रकमेतलेच १,१७,००० परत येतात. रॉड काढण्याचा पुढचा खर्च निकालात धरलेलाच नाही. तीन महिन्यांतच भाऊ कामाला लागला असं गृहीत धरलंय, मांडीचं हाड दोन जागी मोडलेला माणूस तीन महिन्यांत कुठे उभा राहतो? वाढलेल्या रकमेवर व्याजही मिळतं.

म्हणून म्हटलं, मोठी जागा एकच: १५ की ३०. सगळा जोर तिथे लावा. अनेक वकील अपिलात वेदना, खुराक, गाडीभाडं यांवर पानंच्या पानं लिहितात. त्यातून पाच-दहा हजार वाढतात आणि न्यायमूर्तींचा वेळ संपतो.

कागदीघोडा
उत्पन्नाची जागा कच्ची म्हणालात, ते राहिलं.

ओसरी
हो. ठेकेदाराने तोंडी सांगितलं १५,०००, पण हजेरीची वही दिली नाही, असं असणार. पगाराचा कागद नाही म्हणून डोळे मिटून किमान वेतनच धरा असंही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये म्हटलंय. पण अपिलात नवा पुरावा सहजी घेत नाहीत. तो आधी का आणता आला नाही याचं कारण द्यावं लागतं. बांधकाम कामगार म्हणून कामगार कल्याण मंडळाकडे नोंदणी आहे का त्याची? गावातल्या पतसंस्थेत पिग्मी भरायचा का? असे कागद आधीच दाव्यात लागलेले असतील तर त्यांच्याकडे बोट दाखवता येतं. वाचणाऱ्या इतरांसाठी: ज्यांचा दावा अजून खालच्या कोर्टात चालू आहे त्यांनी उपचार करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष घ्याच. ते येत नसतील तर कमिशनर नेमून दवाखान्यात जाऊन साक्ष नोंदवता येते. राजकुमार निकालात हेही सांगितलेलं आहे आणि ते फारसं कोणी वापरत नाही.

सीनाकाठ
नोंदणी आहे! बांधकाम कामगाराचं कार्ड दाव्यात लावलंय. हजेरीची वही नाही.

अजून तीन शंका. दाव्यात आम्ही १० लाखच मागितले होते, त्याच्या वर जाता येतं का? आत्ताची रक्कम उचलली तर अपिलाचा हक्क जातो का? आणि आमचा जिल्हा आता कोल्हापूर बेंचला जोडलाय, तर अपील मुंबईला की कोल्हापूरला?

पेटीवाला
पहिल्याचं मी सांगतो, कारण आम्ही हा मुद्दा घेऊन कायम हरायचो. मागितल्यापेक्षा जास्त देता येतं. सर्वोच्च न्यायालयाचा २००२ चा निकाल आहे. जादा रकमेची कोर्ट फी भरावी लागते, एवढंच.

ओसरी
बरोबर. रक्कम उचलल्याने हक्क जात नाही. कंपनीने जमा केली की काढायचा अर्ज द्या. लोकअदालतीत तडजोड केली तर मात्र जातो, तिच्या निवाड्यावर अपील नाही. तडजोड वाईटच असं मी म्हणत नाही. अपील दाखल करून मग लोकअदालतीत बसलात तर बोलणीही वेगळी होतात आणि भरलेली कोर्ट फीही परत मिळते.

कोल्हापूरचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे तिकडे. तुमचं त्यात असेल तर कोल्हापूर. मुंबईला रात्रभर प्रवास करून 'नॉट रीच्ड' (आज नंबर लागला नाही) ऐकून परत येणं तरी वाचलं. आणि खेटे घालायचे म्हणाल तर अपिलात दावेदाराला दर तारखेला जावंच लागत नाही, साक्षीपुरावा खाली झालेला असतो.

विदर्भी बोर
इतका वेळ नुसतं वाचत होतो, एक विचारतो. आमच्याकडे वकील निकालाच्या रकमेत टक्का मागतात. चालतं का हे?

ओसरी
बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. फी निकालावर किंवा मिळणाऱ्या रकमेच्या हिश्श्यावर ठरवता येत नाही. चालतं मात्र सर्रास, आमच्याच वकील मंडळींत, लपवून काय उपयोग. भाऊ दिव्यांग आहे म्हणजे उत्पन्न कितीही असो, विधी सेवा समितीकडून मोफत वकील मागता येतो. स्त्रियांनाही तसंच. फुकटचा वकील म्हणून नाक मुरडू नका, काही फार चांगले असतात. काही नसतात.

साठीचा पाहुणा
बरं, माझा विरोध अर्धा मागे. रक्कम उचलूनही लढता येतं हे मेहुण्याला कोणी सांगितलंच नव्हतं. त्याने हातही लावला नाही, बँकेत पडून होती. उरलेला अर्धा विरोध कायम आहे: अपील भावाला विचारून करा. पाय त्याचा आहे, आणि तो गप्प आहे असं तुम्हीच लिहिलंय.

सीनाकाठ
पाहुणे, तुमचं वाचून काल रात्री त्याच्याशी बोललो. त्याला पैशांपेक्षा ते २० टक्के लागलेत. "मागून ट्रक आला आणि चूक माझी?" हे तो तीन-चारदा म्हणाला. अपील कर म्हणतोय.

नकलेचा अर्ज टाकलाय. कोल्हापुरात एका वकीलबाईंचं नाव मिळालंय, त्यांना कार्डाची प्रत आणि डॉक्टरांच्या उलटतपासणीची पानं पाठवतो. निकालात निम्मी रक्कम तीन वर्षं बँकेत ठेव म्हणून ठेवायला सांगितलीय, ऑपरेशनसाठी ती मोडता येईल का?

ओसरी
येईल. निकाल देणाऱ्या न्यायाधिकरणातच अर्ज करा, दवाखान्याचं खर्चाचं अंदाजपत्रक जोडा. वैद्यकीय कारणाला सहसा नाही म्हणत नाहीत. रक्कम उचलायच्या अर्जात 'अपिलाचा हक्क राखून' हे शब्द घालायला सांगा, गरज नसली तरी पुढचा वाद टळतो. आणि खातं भावाच्याच नावाचं द्या, तुमच्या नव्हे.

ऑपरेशन झालं की त्याची बिलं आणि नवा एक्स-रे जपून ठेवा. निकालानंतरचा खर्च आहे, त्यामुळे 'आधी का आणला नाही' असं कोणी विचारू शकणार नाही.